फळीचा सिनेमा

मार्गशीर्ष लागला की नांदेडमधले भाजीचे हातगाडे हिरवेगार होतात. तुरीच्या शेंगा येतात. आमच्या विष्णुपुरीच्या रस्त्यावर जो गाडेवाला उभा असतो तो दरवर्षी एकच वाक्य म्हणतो, "घ्या मॅडम, लोह्याच्या हायत, सकाळीच तोडल्यात." सगळ्या शेंगा एकट्या लोहा गावच्याच कशा, हे मी खोदून विचारत नाही, कारण शेंगा चांगल्या असतात आणि मला घरी जायची घाई असते. घरात माणसं दोन, मी आणि माझी आई. शेंगा घेते दोन किलो. आई पिशवीत हात घालून बघते आणि म्हणते, "गोदाम भरायचंय का तुला?" तीस वर्षं मी शाळेत पोरांना दटावलं, घरात मात्र अजून मलाच बोलणी बसतात.

शेंगा कुकरात घालायच्या नाहीत, हा आईचा दंडक. पितळी पातेलं, बुडतील एवढं पाणी, मूठभर मीठ, वर झाकण. वाफ धरली की घरभर एक हिरवट, खारट, जरासा मातकट वास सुटतो आणि मी नांदेडच्या स्वयंपाकघरात उभी राहून लातूरच्या एका रिकाम्या गोदामात जाते. तिथं भर दुपारचा अंधार असतो. बारदान्याचा, रिकाम्या पोत्यांचा वास असतो. समोर दोन धोतरं मधोमध शिवून केलेला पडदा असतो, आणि त्या पडद्यामागून माझी आई बोलत असते.

माझे अप्पा डाळमिलमध्ये मिस्त्री होते. मोटारी, पट्टे, चाळण्या यांच्याशी त्यांचं जास्त बोलणं, माणसांशी कामापुरतं. मिलच्या मागं पत्र्याच्या दोन खोल्यांत आम्ही राहायचो. अप्पा, आई, मी आणि अप्पांची आई. तिला आम्ही सगळे अव्वा म्हणायचो. मूग-उडीद संपून गेलेला आणि तूर अजून रानात, असे काही आठवडे मध्ये यायचे. मिल अर्ध्यावर चालायची आणि गोदाम झाडून रिकामं पडायचं. आत उभं राहून बोललं तर आपलाच आवाज परत यायचा. त्या दिवसांना आमच्या घरी 'तुरीआधी' म्हणत. घराला चुना लावायचा तुरीआधी, पाहुणे बोलवायचे तुरीआधी, आजारी पडायचंच असेल तर तेही तुरीआधी पडून घ्यावं. मी ज्या वर्षाविषयी लिहिते आहे त्या वर्षीच्या तुरीआधी मी दहा वर्षांची होते, आणि आमच्या घरातल्या दोन बायका एकमेकींशी बोलत नव्हत्या.

त्यांचा अबोला माझ्या तोंडून चालायचा. "मंगल, अव्वाला सांग भाकर वाढलीय." अव्वा हाताच्या अंतरावर बसलेली. "मंगल, तुझ्या आईला सांग, मला दिसायलीय." मी नुसती मान हलवली तर दोघी मिळून रागवायच्या, कारण निरोप पुरता सांगितला पाहिजे. एकदा कंटाळून मी म्हटलं, "तुमचं तुमी बोला की." तर दोघींनी एकाच वेळी माझ्याकडं असं बघितलं की मी पुढचे चार दिवस निमूट निरोप पोचवले. तेवढ्यापुरती त्यांची एकी असायची.

कारण मात्र हसण्यावारी नेण्यासारखं नव्हतं. दसऱ्यानंतरची गोष्ट. त्या दिवशी आमच्याकडं जंगमांना, म्हणजे आमच्या स्वामींना, जेवायला बोलावलं होतं. लिंगायत घरांत हा दिवस फार मोठा. स्वामींचे पाय धुवायचे, पूजा करायची, आणि त्यांचं जेवण होईपर्यंत घरातल्या कुणाचं चित्त दुसरीकडं जाता कामा नये. सकाळीच उदगीरहून आलेल्या एका ट्रकवाल्यानं दारात उभ्या उभ्या निरोप दिला, की तुमच्या सुनेच्या आईला बरं नाही, बघायला पाठवा. निरोप अव्वानं घेतला. आई आत पोळ्या लाटत होती. म्हातारं माणूस आहे, अंग कसकसलं असेल, जेवणं उरकू देत मग सांगू, असं अव्वानं मनाशी ठरवलं. जेवणं लांबली, भांडी निघाली, आणि अव्वानं सांगितलं तेव्हा उदगीरची शेवटची गाडी गेली होती. दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं आई गेली, पण ती पोचली तेव्हा माती झाली होती. आमच्यात बसवून माती देतात. कपाळावर विभूती लावलेलं आपल्या आईचं तोंड शेवटचं बघायचं असतं. तेवढं तिला मिळालं नाही.

परत आल्यावर आईनं तिची लोखंडी पेटी दाराशीच ठेवली, आत नेली नाही. "तूर येईस्तोवर थांबते," ती अप्पांना म्हणाली. "मिलला तुमचं मन लागायचं न्हाई न्हाईतर. तूर आली की दादा येईल न्यायला. मंगलला नेऊ का ठिवू, ते तुमी ठरवा." मी उंबऱ्यावर बसून पाढे म्हणत होते. पाढे म्हणणाऱ्या पोरीला दुसरं काही ऐकू येत नाही, अशी मोठ्या माणसांची समजूत असते. सतराचा पाढा माझा तेव्हापासून कच्चाच राहिला आहे.

 अप्पा तसेच उठून मिलमध्ये गेले आणि खोकं उघडून बसले. मालकांनी हैदराबादेहून जुनी चाळणी आणवली होती, तिच्याबरोबर कुठल्याशा नवाबी घरातल्या अडगळीतलं हे लाकडी खोकंही आलं होतं. आत सिनेमा दाखवायचं एक छोटं यंत्र आणि पत्र्याच्या चार गोल डब्या. मालक म्हणाले, चाललं तर चालवा. मोटार लागलेली कुठलीही वस्तू अप्पांना परकी नव्हती. चार दिवसांत त्यांनी ते चालू केलं, मिलच्या ऑफिसातल्या भिंतीवर सिनेमा पाडला आणि पहिल्यांदा आईला बोलावून दाखवला. मी तेव्हा शाळेत होते. संध्याकाळी आले तोवर सिनेमा मुका झाला होता. त्या यंत्रात चित्रासाठी मोठा दिवा असतो आणि आवाजासाठी वेगळा एक बारका. तो बारका उडाला. लातुरात मिळेना. हैदराबादेला पत्र गेलं आणि त्याचं उत्तर काही आलं नाही.

पुढं मोठेपणी अशा सिनेमांविषयी मी थोडंफार वाचलं. बोलपट नुकताच बोलायला लागला होता तेव्हाचे ते विनोदी तुकडे, वीस-वीस मिनिटांचे, मोठ्या चित्राआधी दाखवायचे. त्यांत राजे नाहीत, लढाया नाहीत, प्रेमात पडणंही नाही, कारण प्रेमात पडून लग्न करून मंडळी आधीच घरात येऊन बसलेली असतात. एक नवरा, एक बायको, राहायला आलेलं एखादं माणूस आणि मोडण्यासाठी ठेवलेली एखादी वस्तू. एवढ्यावर सगळा कारभार. मला ते फार शहाणपणाचं वाटतं. माणसाच्या आयुष्यात लढाया येऊन जातात की नाही ठाऊक नाही, पण खुंटी निखळते, दूध उतू जातं आणि कुणीतरी रुसून बसतं, हे रोजचंच असतं.

चार डब्यांपैकी आमच्या गोदामात गाजला तो फळीचा सिनेमा. नाव इंग्रजीत होतं, ते कुणी वाचलं नाही. गोष्ट अशी. एका गोऱ्या जोडप्याच्या घरी एक जाडजूड म्हातारी तीन पेट्या घेऊन राहायला येते. आल्या आल्या ती बायकोच्या प्रत्येक कामात नाक खुपसते. नवरा तिला खूश करायला स्वयंपाकघरात फळी ठोकायला घेतो. आधी दूध उतू जातं, मग हातोडी त्याच्या अंगठ्यावर बसते, मग फळी लागते, तिच्यावर घरातल्या सगळ्या बश्या मांडल्या जातात आणि अर्थातच फळी पडते. म्हातारी पेटी उचलून चालू लागते. बायको दारात आडवी होते. शेवटी दोघी फुटक्या बश्यांच्या ढिगात फरशीवर बसतात, म्हातारी बोलत राहते, आणि नवरा वाचलेली एकुलती एक बशी अभिमानानं घेऊन येतो आणि तीही पाडतो.

मिलच्या सुटीच्या दिवशी दुपारी अप्पांनी गोदामाच्या झरोक्यांना बारदाना लावला, पडदा बांधला आणि सगळ्यांना बोलावलं. डाळ निवडणाऱ्या बाया आल्या, हमाल आले, आसपासची पोरं आली. अव्वाला कमी दिसायचं म्हणून तिचा पाट सगळ्यांत पुढं, आणि तिच्या शेजारी मी. सिनेमा सुरू झाला. पडद्यावरची माणसं तोंडं हलवत होती आणि गोदामात यंत्राच्या टकटकीशिवाय काही नाही. लोक चुळबुळायला लागले. एक हमाल म्हणाला, "मुकीच हायत का काय समदी?" आई अप्पांसाठी चहा घेऊन मागच्या दारानं आली होती, ती पडद्याच्या पाठीमागं उभी राहिली. चुलीवर दूध वर येत होतं आणि नवरा हातोडी घेऊन भलतीकडंच बघत होता.

"उतू चाललंय की वो," पडद्यामागून आवाज आला. "का निसतं बघायलाव?"

गोदाम असं हसलं की पत्र्यावरची कबुतरं उडाली. आई बहुधा स्वतःच दचकली. पण नवऱ्यानं तोंड उघडलं होतं, त्याला काहीतरी बोलायला लावणं भाग होतं. तिनं जाड आवाज काढला. मग बायकोचा नाजूक आवाज, मग म्हातारीचा खरबरीत. वीस मिनिटं ती एकटी तीन माणसं झाली होती. नवऱ्याचं नाव तिनं बसप्पा ठेवलं, बायकोचं गिरिजा, आणि गिरिजा त्या म्हातारीला आत्याबाई म्हणायला लागली. म्हणजे सासू. त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. आमच्याकडं घरात येऊन राहणारी म्हातारी म्हणजे नवऱ्याची आई, दुसरी कोण असणार?

मग ती रीतच पडली. दर सुटीला खेळ. आईनं पडद्यामागं रिकाम्या पोत्यांची बैठक केली, शेजारी एक जुनं ताट ठेवलं. फळी पडली की ती ताट जमिनीवर आपटायची. पडद्यावरची माणसं काही बोलायचं असलं की टेबलावरच्या फुलदाणीपाशी जाऊन घोळका करायची, अगदी भांडायचं असलं तरी. असं का, म्हणून बायांनी विचारलं. आईनं पुढच्या खेळाला गिरिजाच्या तोंडी घातलं, "जे काय बोलायचं ते ह्या फुलांसमोर बोला. खोटं बोललं की फुलं सुकत्यात." त्यानंतर डाळ निवडता निवडता बाया एकमेकींना म्हणायच्या, "फुलांसमोर सांग की." पुष्कळ वर्षांनी मी वाचलं, की त्या काळी आवाज पकडायचं यंत्र फुलदाणीत लपवून ठेवत आणि म्हणून नटांना तिच्याभोवतीच घुटमळावं लागे. फुलं ऐकत होती, हे आईनं बरोबर ओळखलं होतं.

हळूहळू गिरिजा धीट व्हायला लागली. पहिल्या खेळात ती आत्याबाईंना नुसतं "व्हय, व्हय" म्हणायची. दुसऱ्या खेळात म्हणाली, "आत्याबाई, भाजीत मीठ कमी न्हाई, तुमची जीभ जड झालीय." घरी आल्यावर अव्वानं मला जवळ बोलावलं. "मंगल, तुझ्या आईला सांग, मिठावरनं मी एक शब्द कधी बोललेली न्हाई." मी सांगितलं. आई म्हणाली, "अव्वाला सांग, मी सिनेमातल्या बाईचं बोलले." मी तेही सांगितलं. अव्वा पदर सारखा करत म्हणाली, "पुढच्या खेळाला माझा पाट आणखी जरा पुढं घे."

अव्वा दुष्ट नव्हती, हे मला सांगायलाच हवं, कारण लिहिताना माणसं उगीच काळी-पांढरी होतात. माझ्या दप्तराचा बंद तीच शिवायची. ट्रकवाल्याचा निरोप आठवून ती एकटी असताना पदरानं डोळे पुसायची, ते मी बघितलं होतं. पण सुनेपुढं चुकले म्हणायचं, म्हणजे कसं म्हणायचं, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. तिच्या सासूनं तिला कधी तसं म्हटलं नसणार.

मग मार्गशीर्ष सरत आला. रानातल्या शेंगा वाळून खडखडायला लागल्या. औशाकडून पहिल्या गाड्या येणार असं मालक म्हणाले, म्हणजे गोदाम मोकळं करायचं, म्हणजे हा शेवटचा खेळ. मामांचंही पत्र आलं होतं, परवा येतो म्हणून. दाराशी ठेवलेल्या पेटीवरची धूळ आईनं त्या दिवशी सकाळी पुसली.  

खेळ नेहमीसारखा सुरू झाला. दूध उतू गेलं, अंगठा ठेचला, फळी पडली, ताट वाजलं. म्हातारीनं पेटी उचलली. बायको धावत जाऊन दारात उभी राहिली. इथं आई दरवेळी म्हणायची, "जाऊ नका आत्याबाई, चार बश्या फुटल्या तर काय झालं." त्या दिवशी ती म्हणाली, "जावा. तुमाला जायला येतंय, तर जावा. मला कुणी जाऊ दिलं?"

कुणीतरी सवयीनं हसलं आणि मध्येच थांबलं.

"निरोप दारात आला व्हता," पडद्यामागची गिरिजा म्हणाली. "दाराच्या आत मीच व्हते, पोळ्या लाटत. माझी आई तिकडं वाट बघत व्हती. मला एक शब्द कुणी सांगितला न्हाई."

पडद्यावर आता शेवटचा प्रसंग आला होता. दोघी फुटक्या बश्यांत फरशीवर बसलेल्या. म्हातारी बायकोला जवळ ओढते, तिचे सुटलेले केस सावरते आणि बोलत राहते. म्हातारीचे ओठ हलत होते. पडद्यामागून आवाज येईना. आम्ही वाट बघितली. यंत्राची टकटक तेवढी चालली होती. अप्पा यंत्रापाशी उभे होते, त्यांनी ते बंदही केलं नाही.

माझ्या शेजारी पाट वाजला. अव्वा पुढं सरकली होती. पडद्याकडंच बघत, मोठ्यानं, सगळ्या गोदामाला ऐकू जाईल अशी ती बोलली. "चुकलं गं माझं. जेवणं काय, उद्या बी झाली असती. तुला जा म्हणायला पायजे व्हतं मी. बाई हाय मी, मला कळाया पायजे व्हतं."

पडद्यावरच्या म्हातारीचे ओठ तेवढ्यात मिटले. नवरा बशी घेऊन आला आणि त्यानं ती पाडली. ताट वाजलं नाही. कुणी हसलंही नाही, डाळ निवडणाऱ्या बाया पदर तोंडाला लावून बसल्या होत्या. अप्पांनी झरोक्यांवरचा बारदाना काढायला नेहमीपेक्षा फार वेळ लावला. उजेड आत आला तेव्हा आई पडद्याआडून बाहेर आली. चेहरा धुतल्यासारखा दिसत होता. ती थेट पाटापाशी गेली आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा माझ्याशिवाय बोलली. "अव्वा, च्या घेता का?"

"घेते की," अव्वा म्हणाली. "साखर कमी टाक."

मामा आले, जेवले आणि एकटेच परत गेले. आईनं त्यांच्याबरोबर भावजयीसाठी उकडलेल्या शेंगांचा डबा दिला. पेटी आत गेली, तिच्यावर अंथरुणं रचली गेली. पुढच्या रविवारी अव्वानं आईला अंगणात उन्हाला बसवलं, तेल घातलं आणि तिची वेणी घातली. आई आधी अवघडून बसली होती, मग तिची मान हळूहळू सैल झाली. अव्वानं त्याआधी माझीसुद्धा वेणी कधी घातली नव्हती. त्यानंतर मात्र दर रविवारी तो कार्यक्रम ठरून गेला, अव्वाचे हात थरथरायला लागेपर्यंत. त्या शेवटच्या खेळाच्या दुसऱ्याच दिवशी तूर आली, गोदाम छतापर्यंत भरलं, आणि यंत्र मालकांच्या घरी गेलं ते पुन्हा दिसलं नाही.

ही गोष्ट मी माझ्या लेकीला, रेवतीला, इतक्या वेळा सांगितली आहे की ती लहान असताना मध्येच मला दुरुस्त करायची. आता ती हैदराबादेला नोकरी करते. गेल्या आठवड्यात तिनं फोनवर काहीतरी पाठवलं आणि खाली लिहिलं, "आई, हाच का गं तो?" कुठल्यातरी जुन्या सिनेमांच्या संग्रहात तिला तो सापडला होता. स्वच्छ केलेला, आवाजासकट. मी कानात इअरफोन घालून एकटीनं बघितला. तीन पेट्या, हातोडी, फुलदाणी, सगळं जागच्या जागी. फक्त पडद्यावर मधली शिवण नव्हती. आणि ती जाडजूड म्हातारी दारातून आत आली तेव्हा बायको तिच्या गळ्यात पडून इंग्रजीत म्हणाली, आई, किती दिवसांनी आलीस.

सासू नव्हतीच ती. बायकोची आई होती. आमच्या अख्ख्या गोदामाची चूक झाली होती. चूक तरी कशी म्हणू? तिथं बसलेल्या बाया लेकीच्या घरचं पाणीसुद्धा न पिणाऱ्या. आई लेकीकडं तीन पेट्या घेऊन राहायला येते, हे त्यांच्या स्वप्नातही आलं नसतं. आणि बघा, आता माझा नवरा गेल्यापासून माझी आई माझ्या घरी राहते, तिची तीच लोखंडी पेटी घेऊन. माझ्या प्रत्येक कामात नाकही खुपसते.

तीन दिवस मी ते आईला दाखवलं नाही. मला भीती वाटत होती. पन्नास वर्षं आमच्या घराचा सलोखा त्या एका प्रसंगावर उभा राहिला. अव्वाच्या शेवटच्या आजारपणात आईनं तिचं सगळं केलं, ते त्या दुपारच्या जोरावर. आता चौऱ्याऐंशीव्या वर्षी तिला सांगायचं, की ते सगळं भलत्याच समजुतीवर झालं? शाळेत असताना मी पोरांच्या चुका लाल शाईनं खोडायची. ही चूक खोडायला माझा हात धजेना.

पण मी काही लपवलं की आईला वासावरून कळतं. काल दुपारी शेंगांचं ताट मांडीवर घेऊन ती उन्हाला बसली होती, मी मागं बसून तिचे केस विंचरत होते. "काय दडवायलीस दोन-तीन दिवस?" ती म्हणाली. मग मी फोन तिच्या समोर भिंतीला टेकवून उभा केला आणि सिनेमा लावला.

दूध उतू गेलं तेव्हा ती हसली. इंग्रजी तिला येत नाही, तरी कान देऊन ऐकत होती. शेवटचा प्रसंग आला, दोघी फरशीवर बसल्या, आणि मी एका दमात सांगून टाकलं. "आई, ती सासू नाही. ती तिची आई आहे."

"मला ठाव हाय," आई म्हणाली.

"आत्ता कळलं तुला?"

"पहिल्याच दिवशी. तुझ्या अप्पांनी दाखवला तवाच." तिनं शेंग सोलली, दाणे तोंडात टाकले. "हात बघ की तिचा. केसात कसा गेलाय बघ. न बघता जातोय. सासूचा हात तसा जात न्हाई, मंगल. त्यो आईचाच."

माझ्या हातातला कंगवा थांबला.

"मग तू आत्याबाई का केलंस तिला?"

"मला भांडायचं व्हतं," आई म्हणाली. "आईसंगं काय भांडायचं? भांडायला सासू पायजे. म्हणून केली. पर शेवटचं आलं की मला दर खेळाला अवघड जायचं. दरवेळी कसंबसं काहीतरी बोलून न्यायची. त्या दिवशी तोंडातनं शब्दच फुटंना. समोर आई बसली व्हती, लेकीच्या केसात हात घालून. अन् मला माझ्या आईचं तोंड बघायला मिळालं नव्हतं."

"अव्वाला ठाऊक होतं?"

"त्यांला कुठनं ठाव असणार? त्यांला सासूच वाटली. म्हणून तर बोलल्या."

"आणि तू कधी सांगितलं नाहीस त्यांना."

"कशाला सांगायचं? त्या सासू म्हणून बोलल्या, मी आई म्हणून ऐकलं. माझं काम झालं." मग पुढची शेंग उचलून ती म्हणाली, "रविवारी वेणी घालायला लागल्या तवा पहिल्यांदा हात अडकायचा त्यांचा केसात. पुढं पुढं अडकंना."

मला खूप रडू आलं. ते तिला दिसलं नाही, कारण मी मागं होते. की दिसलं असेल, सांगता येत नाही.

"लाव पुन्यांदा," ती म्हणाली. "पहिल्यापासनं. अन् त्यो आवाज बंद कर. काय बडबडायलेत मेले."

मी आवाज बंद केला. आईनं घसा खाकरला. आधी आवाज नीट लागेना, बसप्पा आणि गिरिजा सारखेच वाटायला लागले. मग दूध वर आलं आणि ती बरोबर वेळेवर म्हणाली, "उतू चाललंय की वो, का निसतं बघायलाव?" फुलांसमोर खोटं बोलायचं नाही, तेही तिनं सांगितलं. फळी पडली. म्हातारीनं पेटी उचलली. "जाऊ नका," गिरिजा म्हणाली, नुसतं एवढंच. मग दोघी फरशीवर बसल्या, म्हातारीचा हात न बघता केसात गेला, तिचे ओठ हलायला लागले, आणि या वेळी आई गप्प राहिली नाही. तिचा आवाज खाली उतरला, खरबरीत झाला, आणि आमच्या नांदेडच्या अंगणात अव्वा बोलली.

"चुकलं गं माझं. जेवणं काय, उद्या बी झाली असती. तुला जा म्हणायला पायजे व्हतं मी. बाई हाय मी, मला कळाया पायजे व्हतं."

एकही शब्द इकडचा तिकडं झाला नव्हता. नवरा बशी घेऊन आला. आईनं मांडीवरचं ताट दोन्ही हातांनी उचललं, नीट नेम धरला आणि फरशीवर आपटलं. टरफलं अंगणभर झाली. ती वेचायला मी पुष्कळ वेळ लावला.